जुन्या कथा, नवे वाचक : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी सांगलीत राहते. ग्रीक आणि रोमन कथा, युरोपातल्या मध्ययुगीन दंतकथा आणि आपल्या संस्कृत-प्राकृतातल्या गोष्टी दहा ते चौदा वर्षांच्या मुलांसाठी मराठीत पुन्हा सांगणं, हे माझं काम. शाळांमध्ये, वाचनालयांत आणि पत्रांतून जे प्रश्न सारखे येतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र केली आहेत. ज्या प्रश्नांवर मी स्वतः अजून विचार करते आहे, त्यांची उत्तरं लांबली आहेत.

आपल्याकडे रामायण-महाभारत असताना ग्रीकांच्या नि आर्थर राजाच्या कथा मराठी मुलांना कशाला?

हा प्रश्न बहुतेक वेळा आजोबा विचारतात, आणि मनापासून विचारतात. मी त्यांना उलट विचारते, "'कोल्ह्याला द्राक्षं आंबट' ही म्हण कुठली?" ती इसापाची गोष्ट आहे, म्हणजे मुळात ग्रीकांकडची. आता ती आपल्या बोलण्यात इतकी मुरली आहे की तासगावच्या द्राक्षबागेत वाढलेल्या मुलाला ती आपल्याच बांधावरची वाटते. आपल्या गोष्टीही तशाच बाहेर गेल्या. सहाव्या शतकात बुर्झोय नावाच्या वैद्याने पंचतंत्र इराणच्या खुस्रौ राजासाठी पहलवी भाषेत नेलं. आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फाने ते अरबीत आणलं. पंचतंत्रातले आपले कोल्हे करटक-दमनक तिथे 'कलीला' आणि 'दिम्ना' झाले आणि पुढे युरोपभर हिंडले.

दुसरं कारण मला मुलांनीच शिकवलं. ज्याला कर्ण माहीत आहे, त्याला ट्रॉयच्या युद्धातला राजपुत्र हेक्टर समजावून सांगावा लागत नाही. हरणारी बाजू, घरी वाट बघणारी माणसं, समोर मरण दिसत असताना उचललेलं शस्त्र हे सगळं त्याच्या ओळखीचं असतं. आणि हेक्टर वाचून झाला की तोच मुलगा कर्णाकडे परत येतो आणि पूर्वी कधी न विचारलेले प्रश्न विचारतो. माझ्या दृष्टीने हा दुहेरी लाभ आहे.

या गोष्टी खरंच घडल्या होत्या का?

मुलांचा पहिला प्रश्न हाच. "नाही, काल्पनिक आहेत" असं सांगून मोकळं होणं मला पटत नाही, कारण ते पुरतं खरं नाही.

ट्रॉयचं बघा, होमर या ग्रीक कवीने गायलेल्या युद्धाचं नगर. तुर्कस्तानात हिसारलिक नावाची टेकडी आहे. श्लीमनने ती १८७० च्या दशकात खोदली. तिथे एकावर एक वसलेल्या वस्त्यांचे नऊ मुख्य थर आहेत. नगर होतं, तटबंदी होती, आगीच्या खुणाही आहेत. पण जिच्यासाठी युद्ध झालं ती हेलन होती का, ग्रीकांचा वीर अकिलीस होता का, हे माती सांगत नाही.

रोलांची कथा मला याहून जास्त आवडते, कारण तिच्यात बदल कसा घडला ते दिसतं. १५ ऑगस्ट ७७८ रोजी शार्लमेन राजाचं सैन्य स्पेनमधून परतत होतं. पिरेनीज पर्वताच्या खिंडीत बास्क लोकांनी त्याच्या पिछाडीवर छापा घातला आणि त्यात राजाचा सरदार रोलां मारला गेला. एवढाच इतिहास. साधारण तीनशे वर्षांनी त्यावर जे महाकाव्य झालं, त्यात बास्क गायब झाले आणि त्यांच्या जागी मुस्लिम राजांची अफाट फौज आली. काव्य रचलं गेलं तो काळ धर्मयुद्धांचा होता. मी मुलांना आधी काव्यातली गोष्ट सगळ्या थाटात सांगते, शिंग फुंकताना रोलांच्या कानशिलाची शीर फुटते इथपर्यंत. मग खिंडीतली खरी हकिकत सांगते आणि विचारते, शत्रू का बदलला असेल? सहावीच्या वर्गात या प्रश्नावर जी चर्चा होते, ती मोठ्यांच्या परिसंवादात मी क्वचित ऐकली आहे.

माझ्या मुलीने दुसऱ्या पुस्तकात ही कथा वेगळी वाचली. चूक कोणाची?

बहुतेक वेळा कोणाचीच नाही. सगळ्यात जास्त पत्रं ज्यांवर येतात, ती उदाहरणं देते.

जगातली सगळी दुःखं जिच्या हातून बाहेर पडली, त्या पँडोराकडे माझ्या पुस्तकात पेटी नाही, रांजण आहे. हेसिअड या प्राचीन कवीने मूळ ग्रीकमध्ये जो शब्द वापरला, तो धान्य-तेल साठवायच्या मोठ्या मातीच्या भांड्याचा आहे. सोळाव्या शतकात इरॅस्मस या विद्वानाने लॅटिनमध्ये लिहिताना त्याची डबी केली आणि जगभर तीच रूढ झाली. मराठीत रांजण इतका चपखल बसतो की मला दुसरा विचारच करावा लागला नाही. आपल्या जुन्या घरांत रांजणात डोकावताना जो गार, काळोखा वास येतो, तो डबीला कुठून येणार?

ज्यात लपून ग्रीक ट्रॉयमध्ये शिरले, तो लाकडी घोडा होमरच्या 'इलियड'मध्ये शोधून सापडणार नाही. ते काव्य हेक्टरच्या अंत्यसंस्कारावर संपतं. घोड्याचा उल्लेख होमरच्याच दुसऱ्या काव्यात, 'ओडिसी'त आहे आणि सविस्तर वर्णन रोमन कवी व्हर्जिलने केलं आहे. अकिलीसची फक्त टाचच दुबळी होती, ही गोष्ट होमरला माहीतच नव्हती असं दिसतं. आईने त्याला स्टिक्स नदीत बुचकळलं, हे आपल्यापर्यंत पोचलं ते इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या स्टेशियस या रोमन कवीकडून. आर्थरच्या तलवारीही दोन आहेत. १४८५ साली छापलेल्या मॅलरीच्या ग्रंथात दगडातून उपसलेली तलवार झुंजीत मोडते, आणि मग सरोवरातली स्त्री त्याला दुसरी देते.

आपल्याकडेही हेच आहे. वाल्मीकींच्या रामायणात लक्ष्मणरेषा नाही. हे सांगितलं की काही पालक दुखावतात. तसं वाटण्याचं कारण नाही. ज्यांनी ती रेषा पुढे ओढली, तेही रामकथा सांगणारेच होते. माझी आजी श्रीधरस्वामींचा पांडवप्रताप वाचायची, पाटावर पोथी, शेजारी समई. तिच्या लेखी महाभारत म्हणजे तेच. व्यासांचं आणि श्रीधरांचं जिथे जुळत नाही, तिथे आजी चुकीचं वाचत होती असं मी कधीही म्हणणार नाही.

म्हणून प्रत्येक पुस्तकाच्या शेवटी मी 'ही गोष्ट कुणी सांगितली?' असं एक पान देते. मी कुणाचं ऐकलं, कुणाचं सोडलं, ते मुलांना कळलंच पाहिजे.

इतकं रक्त, इतके मृत्यू मुलांसमोर मांडावेत का?

माझा नियम असा : वगळेन, पण बदलणार नाही. अजाणता बापाला मारून आईशी लग्न करणाऱ्या ईडिपसची कथा मी या वयाला सांगत नाही. ट्रॉय पडल्यावर हेक्टरच्या तान्ह्या बाळाचं काय झालं, तेही सांगत नाही. मात्र ते बाळ सुखरूप वाढलं असंही लिहीत नाही. "ते पुढे मोठेपणी वाच" एवढंच लिहिते. अकिलीस हेक्टरचं प्रेत रथाला बांधून फरपटत नेतो, हे मात्र ठेवलं आहे. ते काढलं तर हेक्टरचा म्हातारा बाप प्रायम रात्री शत्रूच्या तंबूत येऊन मुलाचं प्रेत मागतो, त्याला अर्थच राहत नाही.

'ओडिसी'त आर्गोस नावाचा कुत्रा आहे. सगळा प्रसंग जेमतेम चाळीस ओळींचा. ट्रॉयच्या युद्धाला गेलेला ओडिसियस वीस वर्षांनी भिकाऱ्याच्या वेषात घरी येतो. दारात उकिरड्यावर, गोचिडांनी भरलेला त्याचा म्हातारा कुत्रा पडलेला असतो. तो धन्याला ओळखतो, शेपूट हलवतो, कान पाडतो, पण उठून जवळ यायचं त्राण नसतं. ओडिसियस तोंड फिरवून डोळे पुसतो आणि आत जातो. कुत्रा तिथेच मरतो.

हे पुस्तक पहिल्यांदा ज्यांच्याकडे नेलं, त्या प्रकाशकांनी "कुत्रा जगवा, मुलं रडतील" असं सुचवलं. मी ते हस्तलिखित परत घेतलं. त्याच महिन्यात खानापूर तालुक्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत हा प्रसंग मोठ्याने वाचला. वाचून झाल्यावर वर्ग गप्प. मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला. "बाई, मग त्यानं हाक का नाही मारली कुत्र्याला?" मी म्हटलं, हाक मारली असती तर त्याला ओळखलं असतं आणि त्याच्या बायकोला मागणी घालत आत बसलेल्यांनी ठार केलं असतं. मुलगा जरा वेळ तसाच उभा राहिला. मग त्याच्या शेजारची मुलगी म्हणाली, "कुत्र्याला कळलं असंल. कुत्र्यांना कळतंय." दोघंही खाली बसली. सुट्टीत त्याच वर्गातली चार-पाच मुलं शाळेच्या फाटकाशी झोपलेल्या कुत्र्याला डब्यातली भाकरी घालत होती.

मुलं रडतात, हे खरं आहे. पण त्यामुळे ती पुस्तक मिटून ठेवतात, असं मी अजून पाहिलेलं नाही.

परकी नावं आणि परके शब्द मराठीत कसे आणता?

नाव तोंडात बसलं पाहिजे आणि त्याला विभक्ती लागली पाहिजे. हेक्टरचा, अकिलीसने, पेनेलपीला. मोठ्याने म्हणताना जीभ अडखळली की मी नाव पुन्हा तपासते. 'नाइट'ला काही जण 'सरदार' म्हणतात. मी 'शिलेदार' लिहिते, कारण स्वतःचा घोडा आणि स्वतःचं हत्यार घेऊन चाकरीला येणारा स्वार ही कल्पना त्याच्या बरीच जवळची आहे. तंतोतंत नाही, म्हणून पहिल्या पानावर फरक सांगून टाकते. ड्रॅगनला ड्रॅगनच म्हणते. त्याचा नाग केला तर शिराळ्याची मुलं त्याला हात जोडतील, आणि गोष्टीत तर त्याला मारायचा असतो.

होमर समुद्राला मद्याच्या रंगाचा म्हणतो. त्यावर बरेच दिवस अडले होते. शेवटी लिहिलं, "काळ्या द्राक्षांच्या रसासारखा समुद्र". आमच्या भागातल्या मुलाने समुद्र पाहिलेला नसला तरी तो रस त्याच्या बोटांना लागलेला असतो.

कधी कधी मराठी आपणहून मदतीला येते. ओडिसियस एका डोळ्याच्या राक्षसाला आपलं नाव 'कुणीच नाही' असं सांगतो. राक्षसाचा डोळा फुटल्यावर शेजारचे राक्षस बाहेरून ओरडतात, "कोण मारतंय रे तुला?" आणि हा आतून बोंबलतो, "कुणीच नाही!" तीन हजार वर्षांच्या आसपासची ही गंमत आपल्या भाषेत एक अक्षरही न बदलता बसते.

तुमच्या पुस्तकात अकिलीस प्रायमला आधी 'तू' आणि नंतर 'तुम्ही' म्हणतो. ही छपाईची चूक आहे का?

नाही, आणि हे तुमच्या लक्षात आलं याचा फार आनंद झाला.

होमरच्या ग्रीकमध्ये आदरार्थी 'तुम्ही' नाही, सगळेच एकमेकांना 'तू' म्हणतात. मराठीत मात्र 'तू', 'तुम्ही', 'अहो', 'अगं' यांतून नातं ठरतं, आणि तो निर्णय लेखकाला प्रत्येक संवादात घ्यावा लागतो. प्रायम म्हातारा आहे, राजा आहे, पण शत्रू आहे. ज्या हातांनी आपली मुलं मारली, तेच हात तो ओठांना लावतो आणि म्हणतो, तुझ्या बापाला आठव, तोही माझ्याच वयाचा आहे. अकिलीसला घरी एकट्या पडलेल्या बापाची आठवण येते आणि दोघंही रडतात. रडून झाल्यावर अकिलीस त्याला हाताला धरून उठवतो. तिथे मी 'तू' सोडलं. "उठा, बाबा. इथे बसा." या दोन वाक्यांसाठी मी त्या प्रकरणाचे सात खर्डे केले.

या कथांत मुली, बायका इतक्या कमी का?

ज्यांनी लिहून ठेवल्या, ते बहुतेक पुरुष होते. पण बायका आहेत, त्यांना जागा द्यावी लागते. ओडिसियसची बायको पेनेलपी सासऱ्यासाठी कफन विणते. ते पुरं झालं की लग्न करीन, असं मागणी घालणाऱ्यांना सांगते. दिवसा विणते, रात्री मशालीच्या उजेडात उसवते, आणि तीन वर्षं त्या सगळ्यांना झुलवते. विट्याच्या मुलांना हे वाचून दाखवलं, तेव्हा घरात यंत्रमाग असलेल्या एका मुलीने विचारलं, "उसवलेलं सूत परत वापरलं तर तुटत नाही का?" मी निरुत्तर झाले. पुढच्या आवृत्तीत पेनेलपी तुटलेल्या धाग्यांना गाठी मारत बसते. ती ओळ त्या मुलीची आहे.

चित्रांत ग्रीक योद्ध्यांची शस्त्रं पिवळसर का दिसतात?

ती काशाची आहेत. होमरचे वीर काशाच्या भाल्यांनी लढतात. हेक्टरच्या शिरस्त्राणावर घोड्याच्या केसांचा तुरा आहे. तो हलताना पाहून त्याचं बाळ घाबरून रडतं, म्हणून चित्रात तुरा असायलाच हवा होता.

शाळेच्या स्नेहसंमेलनात तुमच्या कथेवर नाटक बसवू का?

जरूर बसवा. परवानगीची गरज नाही, मानधनाचीही नाही. आणि सांगलीत बसवणार असाल तर थोडं आणखी सांगू द्या.

१८४२ च्या सुमारास कर्नाटकातून भागवत मंडळींचे खेळ सांगलीत आले होते. ते पाहून सांगली संस्थानचे अधिपती चिंतामणराव पटवर्धन यांनी विष्णुदास भाव्यांना असं काहीतरी मराठीत करायला सांगितलं, आणि १८४३ साली 'सीतास्वयंवर' उभं राहिलं. मराठी रंगभूमी जन्मली तीच मुळी एका जुन्या कथेच्या पुनर्कथनातून, आपल्याच गावात. त्या नाटकांत सूत्रधार पदांतून कथा सांगायचा, पात्रं आयत्या वेळी संवाद रचायची आणि राक्षस 'अलल डुर्र' अशी आरोळी ठोकत यायचे. मुलांना पाठांतराच्या ओझ्याखाली घालण्यापेक्षा ही पद्धत वापरा. एक चांगला आवाज सूत्रधाराला द्या, बाकीच्यांना कथा नीट माहीत असू द्या आणि संवाद त्यांचे त्यांना बोलू द्या. एका शाळेत एकाक्ष राक्षस 'अलल डुर्र' करत आला होता. तो ग्रीक राक्षस मला मनापासून पटला. अट एकच : मूळ कथा कुणाची, ते सूत्रधाराने सुरुवातीला सांगावं.

आमच्या शाळेत याल का?

सांगली, मिरज आणि आसपासच्या तालुक्यांत येते. सतरंजी, फळा आणि चाळीस-पन्नास मुलं पुरेत. पूर्ण शाळा मैदानात बसवू नका, मागच्यांना ऐकू जात नाही. शाल-नारळ नको. त्या पैशांत वर्गाला एखादं पुस्तक घ्या, कुणाचंही.

सध्या कशावर काम चाललं आहे?

गुणाढ्य या पंडितावर. ही आपल्या मातीतली, पैठणच्या सातवाहन दरबारातली कथा. अकराव्या शतकात सोमदेवाने काश्मीरच्या सूर्यमती राणीसाठी लिहिलेल्या 'कथासरित्सागरा'त ती येते.

राजा राण्यांबरोबर जलक्रीडा करत असतो. एक राणी म्हणते, "मोदकैः". तिला म्हणायचं असतं 'मा उदकैः', म्हणजे पाणी उडवू नका. राजाला व्याकरणातला संधी कळत नाही, तो मोदक मागवतो. राणी हसते. लाजलेल्या राजाला आता व्याकरण शिकायचं असतं. गुणाढ्य म्हणतो सहा वर्षं लागतील, दरबारातला दुसरा पंडित शर्ववर्मा म्हणतो सहा महिने. गुणाढ्य पैजेवर संस्कृत, प्राकृत आणि देशी भाषा पणाला लावतो आणि हरतो. मग रानात जाऊन उरलेल्या, पिशाचांची म्हणून 'पैशाची' म्हटल्या जाणाऱ्या भाषेत, शाई नाही म्हणून स्वतःच्या रक्ताने, सात लाख श्लोकांची बृहत्कथा लिहितो. राजा ती हिणवून परत पाठवतो. गुणाढ्य टेकडीवर अग्नी पेटवून एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवतो आणि आगीत टाकतो. हरणं, रानडुकरं चरायची थांबून रडत ऐकतात. इकडे राजाच्या ताटात सुकलेलं मांस येऊ लागतं, तो आजारी पडतो. कारण शोधत राजा तिथे पोचतो, तोवर सहा लाख श्लोक जळून गेलेले असतात.

पैशाचीतला तो मूळ ग्रंथ आज उपलब्ध नाही. पण मोदकांपाशी मुलं पोट धरून हसतात, आणि त्याच गोष्टीत पुढे पानं जळताना त्यांचे चेहरे बदलतात. हे दोन्ही एका आवाजात कसं बसवायचं, ते सध्या शोधते आहे.

मलाही जुन्या कथा मुलांसाठी लिहायच्या आहेत. सुरुवात कुठून करू?

ग्रीसपासून करू नका, जवळच्या गावापासून करा. वाळवा तालुक्यात कृष्णेच्या पात्रात बहे आहे. लंकेहून परतताना राम तिथे पूजेला बसला, कृष्णेला पूर आला, तेव्हा मारुतीने बाहू पसरून पाणी अडवलं आणि नदी दोन्ही बाजूंनी वाहू लागली, अशी कथा सांगतात. समर्थांच्या अकरा मारुतींतला एक तिथे आहे. तिथे जा. पुजाऱ्यांकडून ऐका, नावाड्याकडून ऐका, एखाद्या आजीकडून ऐका. तिघांचं जिथे जुळत नाही, तिथे खूण करा. मग लिहा आणि एखाद्या मुलाला मोठ्याने वाचून दाखवा. तो जिथे चुळबुळ करेल, तिथे पुन्हा लिहा.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये महापूर आला, तेव्हा एका शाळेत हलवलेल्या पूरग्रस्त मुलांना मी ही गोष्ट सांगितली. नऊ-दहा वर्षांचा एक मुलगा म्हणाला, "मग मारुतीनं आमचा पूर का नाही अडवला?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी त्याला म्हटलं, तुझ्या पुराची गोष्ट तू सांग. त्याने सांगितली. पाणी गोठ्यात शिरलं तेव्हा आजीने विळ्याने दावी कापली आणि म्हशींना म्हणाली, "जावा बायांनो." तिन्ही म्हशी पोहत गेल्या. दुसऱ्या दिवशी त्यातली एक चालत परत आली.

संध्याकाळी नवीन मुलं आली, त्यांना त्याने तीच गोष्ट पुन्हा सांगितली. या वेळी म्हैस चौथ्या दिवशी आली, आणि तिच्या पाठीवर एक बगळा बसला होता.